राजकन्येचा अर्धा चेहरा

मित्रांनो, मी एक जुनी रंगपेटी आहे. रायपूरच्या सदर बाजारातल्या कारागिराने मला पत्र्यातून घडवले आणि तात्यापारा वस्तीतल्या मराठी मंडळाने गणेशोत्सवातल्या नाटकांसाठी विकत आणले. किती राजे, किती राक्षस माझ्या झाकणातल्या आरशात पाहून रंगमंचावर गेले! त्याचा मला थोडा गर्व होता, खोटे कशाला बोलू?

माझ्यातला पांढरा रंग सगळ्यात आधी संपायचा. राजकन्या गोरीच हवी, असा मंडळाचा जुना हट्ट. सावळ्या मुलीही चुना दिलेल्या भिंतीसारख्या होऊन पडद्याबाहेर यायच्या आणि लोक वाहवा करायचे.

रायपूर छत्तीसगडची राजधानी झाल्यावरचा तो पहिलाच गणेशोत्सव. रेल्वेतल्या निरंजनरावांच्या शर्मिष्ठेला राजकन्येची भूमिका मिळाली. तिचा आवाज खणखणीत, पण रंग काळा, बस्तरच्या आदिवासी आईवर गेलेला. म्हणून आजवर तिच्या वाट्याला दासी आणि राक्षसीच येत. आईला काही लोक मागून 'जंगली' म्हणत. ती बिचारी दरवर्षी शेवटच्या रांगेत बसे. दिग्दर्शक चारुदत्तकाकांनी बजावले होते की तोंड, मान, हात सगळे गोरे दिसले पाहिजे, नाहीतर पडदा उघडणार नाही.

रंगभूषा करणाऱ्या भैय्यालालने तिचा अर्धा चेहरा रंगवला आणि शर्मिष्ठेने त्याचा हात धरला.

"भैया, बस झालं."

"हव, दीदी," म्हणत त्याने होकारार्थी मान हलवली आणि बोटे पुसली.

नाटकाआधी नायिकेने पडद्यापुढे येऊन प्रेक्षकांचे स्वागत करायचे, ही मंडळाची रीत. ती तशीच, अर्ध्या गोऱ्या तोंडाने बाहेर गेली. मी विंगेत उघडीच होते. मंडपात हशा पिकला. तिने तो विरू दिला.

"इकडून राजकन्या दिसते आन इकडून दासी, मंग मी कोण? हा रंग मले माह्या मायनं देला. तिले तुम्ही जंगली म्हणता. आज राजकन्या तिच्याच रंगात येऊन राहिली. ज्याले चालत नसन, त्यानं उठून जावं."

कोणीही उठले नाही. विंगेत काकांचा चेहरा पडला होता. ती आत येताच त्यांनी स्वतःच ओले फडके तिच्या हाती दिले.

"पूस ते, पोट्टी. पडदा उघडून राहिलो मी."

काय रंगले ते नाटक! टाळ्या थांबेनात. शेवटी लोकांनीच तिच्या आईला हाताला धरून पहिल्या रांगेत आणून बसवले. ती रडत होती आणि हसतही होती. मी इतकी खूश कधीच झाले नव्हते.

आता मला गंज चढला आहे, मित्रांनो. मला कोरड्या जागी ठेवा, कधीमधी कडीला तेल द्या. माझे रंग लावून खुशाल राजा व्हा, राक्षस व्हा, वाघ व्हा. फक्त आईने दिलेला रंग लपवायला कुणाला माझ्यापुढे बसवू नका.