खडकामागचं घर

श्रावणी सोमवारी सरोजताई दिवेलागणीपर्यंत मौन धरत. कतारला, दोह्यात लेकीकडे आल्या तरी नेम सुटला नव्हता. म्हणून तर चैत्रालीनं आपलं काम बघायला त्यांना मुद्दाम सोमवारी बोलावलं. "आज तरी मधे बोलणार नाहीस," असं वर हसून म्हणाली.

चैत्राली दोह्याच्या मुशैरिब भागातल्या एका संग्रहालयात नोकरीला होती. तिनं मांडलेलं पहिलंच प्रदर्शन उद्या उघडणार होतं. त्यातलं मुख्य म्हणजे सत्तरेक वर्षांपूर्वी एका फ्रेंच माणसानं काढलेला दोह्यावरचा छोटा माहितीपट.

"चित्रं मुकीच घेतली गं. बोलणं मागाहून पॅरिसमध्ये चढवलं," ती पडद्यासमोरच्या अंधारात कुजबुजली.

पडद्यावरून धुळकट गल्ल्या गेल्या, वाळत घातलेली जाळी गेली. तो फ्रेंच आवाज ओवी म्हटल्यासारखा संथ चालला होता. मग बायका होडी ओढू लागल्या. एकीनं नाळेला, होडीच्या पुढच्या टोकाला, हात लावून डोळ्यांना लावला. सरोजताईंचाही हात आपसूक डोळ्यांकडे गेला आणि तिथंच थिजला. होडीमागं मधोमध चिरलेला खडक! त्या चिरेत लहानपणी त्यांनी कितीदा पणती ठेवली होती.

"थांबव गो!"

चैत्राली दचकली. "आई, तुझं मौन!"

"मोडलं. ह्यो आमचो खडक! मालवणाकडची माझ्या म्हायेरची खाडी ही."

"काहीतरीच! खडक काय, कुठंही असतात."

"आणि माड?"

चैत्रालीनं चित्र मागं नेऊन रोखलं. कोपऱ्यात झावळी होती, माडाची, खजुराची नव्हेच. कुठला तुकडा कुठं जोडला होता त्या फ्रेंच माणसानं! तिचा चेहरा पांढरा पडला. हेच चित्र बाहेर भिंतभर लागलं होतं, 'दोह्याचा हरवलेला किनारा' म्हणून.

दार वाजलं. तिचा कतारी साहेब, उमैर, येत होता. चैत्रालीनं आईचं मनगट गच्च धरलं.

"आई, पाया पडते. उद्या बडे पाहुणे येणार आहेत. दिवेलागण अजून व्हायचीय. मौन धर."

सरोजताई चरकल्या. पोटची पोर हे बोलत होती?

"मौन देवासाठी धरते गो बाय. झाकपाक करायला नाही."

"आंटी, कैसी लगी हमारी दोहा?" उमैर हसत आला. "मालूम है, आज बोलेंगी नहीं."

मनगटावरची पकड सैल झाली. चैत्रालीनंच इंग्रजीत सांगून टाकलं. खडक, माड, सगळं.

उमैर पडद्याकडे बघत खुर्चीत टेकला.

"दादी को ये फोटो घर पे दिया मैंने," तो म्हणाला. "रोज चूमती है. बोलती है, यहीं दोहा में, इस पत्थर के पीछे मेरा घर था."

सरोजताईंनी पडद्यावरच्या खडकाकडे पाहिलं. त्याच्यामागं तर त्यांचं स्वतःचं माहेरचं घर होतं.