अस्वल जागं होतं ते पान

औशात अस्वल कुणी पाहिलंय? तरी मोटार रिवायंडिंगवाल्या बसवंतच्या घरात रोज रात्री एक अस्वल झोपी जायचं. त्याच्या बायकोनं, सुकन्यानं, लातूरच्या प्रदर्शनातून ते चित्रांचं पुस्तक आणलं होतं. थंडी पडली की अस्वल जमिनीखालच्या बिळात शिरतं आणि बसल्या-बसल्याच झोपतं. मग पानापानावर त्याची स्वप्नं: मधाचं पोळं, मासे, नदीत पडलेला चंद्र. शेवटच्या पानावर झाडांना पालवी फुटते आणि वाळून गेलेलं, भुकेलं अस्वल बाहेर येतं. त्यांच्या पाच वर्षांच्या सिंधुला सगळं तोंडपाठ होतं. तरी आईनं एक ओळ गाळली तर पोरगी ताडकन उठून बसायची.

दिवाळी सरली आणि सुकन्या डेंगीनं गेली. साधा ताप म्हणता म्हणता हातची गेली. त्यांच्यात, लिंगायतांत, जाळत नाहीत, माती देतात, तीही बसवून. गावाकडच्या शेतात, कडुलिंबाखाली खोदलेल्या खड्ड्यात तिला मांडी घालून बसवलं, कपाळाला भस्म लावलं, तळहातावर लिंग ठेवलं, वर बेलाची पानं वाहिली. सिंधु बापाच्या कडेवरून सगळं बघत होती. मम्मी काय करायली, असं तिनं विचारलं. "झोपली, बाई," बसवंत म्हणाला. "बसून झोपली."

पोरगी रडली नाही. बायका म्हणाल्या, किती समजदार लेकरू. लोकांना काय, रडलं नाही की समजदार आणि रडलं की बिचारं. बसवंतलाही तेच खरं वाटलं, कारण ते सोयीचं होतं.

पुस्तक वाचायची पाळी आता त्याच्यावर आली. तो अडखळत वाचायचा. स्वप्नांच्या पानाशी सिंधु त्याला थांबवायची आणि विचारायची, आज मम्मीला काय सपान पडलं? पहिल्यांदा तो गडबडला. मग सांगू लागला. मम्मीला तुझा लाल झगा दिसला. आपण तिघं किल्ल्यावर गेलो होतो आणि मम्मीनं चिंचा पाडल्या. हळूहळू त्यालाच चटक लागली. दुकानात तांब्याची तार गुंडाळता गुंडाळता तो रात्रीसाठी एखादं स्वप्न जुळवून ठेवायचा. तेवढ्या वेळापुरती सुकन्या घरात असायची. पोरीपेक्षा बापालाच त्याची जास्त गरज होती, पण हे त्याला सांगणार कोण?

खोट्याच्या कपाळी गोटा म्हणतात, तो सिमेंटच्या पोत्यांसोबत आला. गुढीपाडव्याच्या आत सुनेला माती दिलेल्या जागेवर ओटा बांधून घ्यायचा, असं बसवंतच्या आईनं, कस्तुराबाईनं, धरून ठेवलं होतं. ठरल्या दिवशी व्यंकटी गवंडी शेतात हजर झाला. बसवंत सिंधुला गाडीवर बसवून घेऊन गेला. तिनं सोबत एक पिशवी घेतली होती. खेळणी असतील म्हणून त्यानं उघडून पाहिलं नाही. लिंबाला तांबूस पालवी फुटली होती आणि पोरगी वर बघून एकटीच हसत होती.

व्यंकटीनं माल कालवून पहिलं घमेलं उचललं, तशी सिंधु धावत जाऊन मातीवर आडवी झाली.

"हितं सिमेंट टाकू नका," ती म्हणाली. "मम्मी निघंल कशी?"

घमेलं व्यंकटीच्या हातातच राहिलं. सिंधुनं पिशवी उपडी केली. सुकन्याच्या चपला निघाल्या आणि फडक्यात बांधलेली भाकर-चटणी. झोपून उठलं की लई भूक लागते, असं तिनं बापाला समजावून सांगितलं. एवढ्या मोठ्या माणसाला हेही कळू नये, याचं तिला नवल वाटत होतं.

बसवंत तिच्याजवळ मातीत बसला. व्यंकटीला परत पाठवावं, पुढल्या वर्षी बघू म्हणावं, असं त्याला फार वाटलं. मग रात्री पुन्हा पुस्तक उघडता आलं असतं, सुकन्या पुन्हा घडीभर आली असती. पण लिंबाला पालवी दरवर्षी फुटणार होती, आणि पोरगी दरवर्षी चपला घेऊन इथं येणार होती. त्यानं तिला उचलून मांडीवर घेतलं.

"मम्मी उठणार न्हाई, सिंधु. ती मेली. मेलेलं माणूस उठत न्हाई. मीच तुला खोटं सांगितलं."

तिनं चपला जवळ ओढून घेतल्या.

"मग ती सपनं कुणाला पडत व्हती?"

"मलाच," बसवंत म्हणाला, आणि लेकीच्या खांद्यावर डोकं ठेवून हमसून हमसून रडला.

सिंधुनं झग्याच्या टोकानं त्याचे डोळे पुसले. फडकं सोडून भाकर त्याच्या हातात दिली. चपला परत पिशवीत भरल्या, पिशवी छातीशी धरली आणि बाजूला सरकून व्यंकटीला म्हणाली, "टाका आता."

व्यंकटीनं घमेलं ओतलं, तेव्हा कुठं ती रडायला लागली.