रुमालाआडचा चेहरा

अपिलाची सुनावणी म्हणजे नुसता सोपस्कार, असं सरकारी वकिलांनी सांगितलं होतं. म्हणून आई एकटीच कोर्टात आली होती.

तिची मुलगी पहिलीत असताना कुणीतरी तिला घराच्या फाटकापासून पांढऱ्या व्हॅनमध्ये कोंबून पळवून नेलं होतं. दोन-तीन दिवसांनी ती एका ओसाड गोदामात सापडली. डोळ्यांवर पट्टी, पण जिवंत. शाळेच्या व्हॅनचा ड्रायव्हर पकडला गेला, त्याला जन्मठेप झाली. त्यालाही आता काही वर्षं लोटली होती. आईच्या लेखी विषय संपला होता.

पळवताना पाहणारी साक्षीदार एकच, तिची नणंद. ती तेव्हा गॅलरीत कपडे वाळत घालत होती. खटल्यात ड्रायव्हरकडे बोट करून ती म्हणाली होती, "याच डोळ्यांनी पाहिलं मी याला."

अपिलाच्या दोन न्यायमूर्तींपैकी वयस्कर बाईंनी कागद चाळले. "वकीलसाहेब, घटना घडली त्या संध्याकाळी या साक्षीदार बाई पोलिसांना काय म्हणाल्या होत्या? वाचा जरा."

वकिलांनी जबाबाचं पान काढलं. "'माणसाच्या तोंडाला रुमाल होता. चेहरा दिसला नाही.'"

आपण चुकीचं ऐकलं, असं आईला वाटलं.

"आणि खटल्यात म्हणतात, चेहरा पाहिला."

"धक्का ओसरल्यावर आठवतं माणसाला, मॅडम."

"विसरलेलं आठवतं. न दिसलेलं कसं आठवेल?" बाईंचा आवाज जराही चढला नव्हता. "ओळख परेडच्या आधी त्यांना आरोपीचा फोटो दाखवला होता का?"

वकिलांनी मागे बसलेल्या तपास अधिकाऱ्याकडे पाहिलं. तो बुटांकडे बघत होता. "दाखवला होता," वकील म्हणाले.

"मग परेडमध्ये त्यांनी माणूस ओळखला, की फोटो?"

आता दुसरे न्यायमूर्ती बोलले. "मुलीची साक्ष खालच्या कोर्टाने एका ओळीत उडवून लावली आहे. घाबरलेलं पोर म्हणून. ती म्हणते, 'तो माणूस भराभर बोलत होता. व्हॅनकाका बोलताना अडकतात.' आरोपी तोतरा आहे, हे तुमच्या लक्षात आलं नाही?"

लेक हे घरीही म्हणाली होती. वेणी घालताना, जेवताना, झोपताना. आई, ते काका नव्हते. आणि दर वेळी आईने तिला जवळ घेऊन सांगितलं होतं, "घाबरली होतीस गं तू. विसर आता."

दुपारी निकाल सांगितला गेला. "साक्षीदार खोटं बोलली, असं आम्ही म्हणत नाही," बाई म्हणाल्या. "प्रामाणिक माणूसही चुकतो, आणि अगदी छातीठोकपणे चुकतो. पण जी साक्ष दिवसागणिक पक्की होत जाते, तिला दुसऱ्या कशाचाही आधार नसेल, तर तिच्यावर माणसाला जन्मभर डांबता येणार नाही. शिक्षा रद्द."

बाहेर व्हरांड्यात ड्रायव्हरची बायको भिंतीला टेकून खाली बसली होती. आईला पाहून ती उठली. आता ही तोंडाला येईल ते बोलणार, म्हणून आई अंग चोरून उभी राहिली.

"मुलगी बरी आहे ना तुमची?" बायकोने विचारलं. "भेटायला गेले की ते आधी तिचंच विचारतात."

आईने मान हलवली आणि ती पायऱ्या उतरली.

घरी पोचली तेव्हा नणंद इस्त्री करत होती. आईने चपलाही काढल्या नाहीत.

"ताई, तुम्ही त्याचा चेहरा पाहिला होता?"

"हे काय विचारणं झालं?"

"पाहिला होता का?"

नणंदेने इस्त्री उभी केली.

"साहेबांनी फोटो पुढे केला. म्हणाले, हाच ना? मी म्हटलं, असेल. मग सगळे तेच विचारायला लागले, शेजारीपाजारी, दादासुद्धा. असेल असेल म्हणता म्हणता, आहेच झालं. आता डोळे मिटले तरी मला तोच दिसतो गं. रुमाल दिसतच नाही." तिने इस्त्रीचं बटण बंद केलं. "खोटं नाही बोलले मी. शपथ घेऊन सांगते."

ती खरंच खोटं बोलत नव्हती, आणि आईला त्याचाच जास्त हादरा बसला. मग दुसरी गोष्ट तिच्या ध्यानात आली. साप समजून आपण इतकी वर्षं भुई धोपटत होतो. साप मोकळाच होता. कदाचित याच रस्त्याने रोज जात असेल.

त्या संध्याकाळी तिने लेकीला समोर बसवलं. "तो माणूस कसा बोलत होता, सांगतेस मला?"

लेकीने आधी आईचा चेहरा निरखला. "आता ऐकशील?"

"ऐकेन."

दुसऱ्या दिवशी आई पोलीस चौकीत गेली. टेबलामागचा हवालदार वैतागला होता. "मिटलेलं प्रकरण आहे हो, बाई. बरं, तुमचा संशय कुणावर?"

गेल्या वेळी या प्रश्नाला घरातल्या प्रत्येकाकडे उत्तर होतं.

"कुणावरही नाही," आई म्हणाली. "माझी मुलगी काय सांगते ते आधी ऐका. फोटो नंतर दाखवा."