बायकांचे डावखुरे नायक

मित्रांनो, मी एक जुना पडदा आहे. खिडकीचा नव्हे, तंबू टॉकीजचा, जाड्याभरड्या मांजरपाटाचा. सध्या नारायण पेठेत दिग्विजय नावाच्या लेखकाच्या दिवाणखान्यात लटकतो आहे. हे महाशय राष्ट्रीय सिनेमा आणि आपली सांस्कृतिक ओळख या विषयावर ग्रंथ लिहितात. जन्मात तंबूतला एक खेळ पाहिलेला नाही, पण ओळख सांगणार अख्ख्या देशाची. उंटावरचा शहाणा!

मला शिवलं मांजरी गावच्या रंगरावांनी. ऊस तुटून रान मोकळं झालं की ते तिथे तंबू ठोकायचे, मला दोन बांबूंना ताणून बांधायचे आणि खेळाआधी माझ्यावर पाणी मारायचे. ओला झालो की चित्र माझ्या पाठीवरही दिसायचं. पुढे पुरुष बसायचे, मागे बायका. गावाची रीतच तशी होती. मागून सगळं उलटं दिसे, त्यामुळे बायकांचे झाडून सगळे नायक डावखुरे! नायक ताटावर बसला की रंगरावांच्या यमुनाबाई करवादायच्या, “डाव्या हातानं जेवतोय मेला! आईनं वळण लावलं न्हाई व्हय?” बायका हसून हसून लोळायच्या. फार सुखाचे दिवस होते ते. पुढे घरोघरी टीव्ही आला आणि मी माळ्यावर गेलो. उंदरांनी माझा एक कोपरा खाल्ला, पण त्यांनी माझ्यावर ग्रंथ तरी लिहिला नाही.

रंगराव गेले. मग हे लेखक मला मागायला आले. यमुनाबाईंनी मला दिलं ते एका अटीवर. “आमी बायकाबी शिनेमा बघायचो, तेवढं लिवा.”

“हो हो, लिहितो की!”

आणि लिहिलं काय? ‘ग्रामीण स्त्री सिनेमापासून वंचितच राहिली.’ ग्रंथातला हा भाग आधी पेपरात छापून आला. नात ऋतुजाने तो वाचून दाखवताच यमुनाबाई तडक नारायण पेठेत आल्या.

“आजी, तुमच्या म्हणण्याला छापील संदर्भ आहे का?” लेखकांनी विचारलं.

“मी हाय की!”

“तसं चालत नाही हो.”

डोंबल तुमच्या विद्वत्तेचं! समोर बसलेलं माणूस ज्याला पुरत नाही, तो देशाची ओळख कुठून शोधणार?

परवा प्रकाशन झालं. मला शोभेसाठी व्यासपीठावर टांगलं होतं. लेखक वंचित स्त्रीविषयी गहिवरून बोलत होते. तेवढ्यात यमुनाबाई ऋतुजाचा हात धरून वर चढल्या, खुर्ची ओढली आणि माझ्या मागे जाऊन बसल्या.

संयोजक धावले. “अहो आजी, तिथे प्रेक्षक बसत नाहीत!”

“पंधरा वर्सं बसलीय,” त्या म्हणाल्या.

सभागृहात टाळ्या पडल्या. ‘काय गोड आजी!’ म्हणत सगळ्यांनी फोटो काढले. पुढूनच. त्यांतल्या एकाही फोटोत यमुनाबाई नाहीत, नुसता मी आहे.

मित्रांनो, मला धुऊन, घडी घालून जपा, असं मी म्हणणार नाही. मी फडकं आहे, आणखी पन्नास वर्षं टिकेन. यमुनाबाई ब्याऐंशीच्या आहेत. आधी त्यांच्याकडे जा.