मिठाच्या जहाजाची वही

तिने सासऱ्यांच्या नाकावर चाचणीची जड फ्रेम बसवली, डाव्या डोळ्यापुढे काळी चकती सरकवली आणि भिंतीवरच्या तक्त्याकडे बोट केले.

"जमेल तितकं खालचं वाचा, बाबा."

सासऱ्यांनी सगळ्यात खालची ओळ वाचली. मग उजवा डोळा झाकून तीच ओळ शेवटाकडून सुरुवातीकडे वाचली, आणि एवढ्यावर न थांबता कोपऱ्यात मुंगीएवढ्या अक्षरांत असलेले छापखान्याचे नावही वाचून दाखवले. जवळचे वाचायला त्यांनी स्वतःचा चष्मा लावला आणि तिथेही तिला काही खोट काढू दिली नाही. सगळ्यांची नजर अशी असेल तर मला टाळं लावावं लागेल, असे ती कामाला होती त्या चष्म्याच्या दुकानाचे मालक काउंटरमागून म्हणाले.

"झालं समाधान?" सासऱ्यांनी विचारले.

"झालं."

खरे तर झाले नव्हते. डोळे अधू निघाले असते तर बरे, अशी तिची गत होती. डोळ्यांवर इलाज होता आणि तो तिच्याच हातातला होता. डोळे ठणठणीत, म्हणजे उरले डोके. सासऱ्यांच्या डोक्यावर संशय घेणे तिच्या जिवावर आले होते.

प्रकरण एका जहाजाचे होते. जुन्या शिडांच्या जहाजांवर रोज लिहिलेल्या वह्यांची छायाचित्रे इंटरनेटवर होती, आणि ठिकठिकाणचे हौशी लोक ती पाने वाचून टाइप करत. त्यातून त्या काळचा वारा, वाटा, माणसे यांचा इतिहास जुळवला जाई. एक पान दोघे वाचत, एकमेकांचे न बघता. दोघांचे जुळले की पान आपोआप बंद होई. नाही जुळले तर ते तपासनिसाकडे जाई. तपासनीस मूळ पान बघून निकाल देई, चूक कोणाची तेही नोंदवी, आणि पान पुन्हा वाचायला परत पाठवी. त्यात आठवडा सहज मोडे.

तिच्या नवऱ्याने मुद्दाम कोणालाच नको असलेले जहाज उचलले होते. तीन डोलकाठ्या, पोटात मीठ. वादळ नाही, चाचे नाहीत, बंड नाही. चारशे बारा पाने नुसता वारा. यांचंही कोणीतरी लिहायला हवं की, असे तो म्हणे. पहिला वाचक म्हणून त्याने बापालाच धरून बसवले. बंदराच्या कचेरीत चाळीस वर्षे जहाजांची ये-जा लिहिलेला हा माणूस निवृत्त होऊन घरात माश्या मारत होता. उंच आणि काटकुळे म्हणून मुलाने त्यांना तिथे 'डोलकाठी' हे नाव दिले. दुसऱ्या वाचक कुठल्याशा दूरच्या गावातल्या निवृत्त शिक्षिका. त्यांनी स्वतःचे नाव 'मास्तरीण' ठेवले होते आणि त्या नावाला जागत होत्या. तपासनीस तो स्वतः होता.

अकरा महिन्यांपूर्वी तो ऑफिसच्या जिन्यात कोसळला आणि उठला नाही. तीन आठवड्यांनी मास्तरीणबाईंचा निरोप आला, की पाने तुंबली आहेत. तिने त्याच्या खुर्चीत बसून पहिले पान उघडले. दुःख हलके व्हावे वगैरे काही तिच्या मनात नव्हते. पाने तुंबली होती आणि तिला दुसरे काही सुचत नव्हते. तेव्हापासून रोज सकाळी दुकानात जाण्याआधी ती तासभर बसे. रडू आले नाही. लोक म्हणाले, धीराची आहे. धीर कसला? दाढ काढताना इंजेक्शन देतात तसे सगळे बधिर झाले होते, आणि तिला त्याची सवय होऊन गेली होती.

घरात दोघेच उरले होते, आणि बोलणेही जहाजाचेच उरले होते.

"आज वारा फिरला," सासरे चहा पिताना म्हणत.

"किती दिवसांनी?"

"नऊ."

एवढे झाले की दोघांचा दिवस पार पडे.

दीड महिन्यापूर्वी तिच्या भावाचा फोन आला. त्याच्या शहरात चष्म्याच्या एका मोठ्या दुकानात जागा होती, घरात एक खोली रिकामी होती. जावेसे वाटत होते असे नाही, पण न जाण्यासारखेही काही सापडेना. तिने जेवताना सांगितले.

"वही संपली की जाईन म्हणते, बाबा. अर्धवट टाकून जायला नको."

"नकोच," सासरे म्हणाले. "किती पानं राहिली?"

"एकतीस."

त्यांनी मान डोलावली आणि पाण्याचा जग तिच्याकडे सरकवला.

चुका सुरू झाल्या त्या यानंतर. जहाजावर वही लिहिणारा गडी होता आळशी. वारा बदलला की तो लिही, तोवर खालचे रकाने कोरे सोडी. म्हणून नवऱ्याने वाचकांसाठीच्या सूचनांत पहिल्याच दिवशी लिहून ठेवले होते : 'रकाना कोरा असेल तर वारा पडला असे समजू नये. वरच्यासारखेच आहे असे समजावे.' ही गोष्ट त्याला बापानेच शिकवली होती. आणि आता तोच बाप कोऱ्या रकान्यापुढे 'वारा नाही' असे टाइप करत होता. तीन वर्षांत चार चुका करणाऱ्या माणसाच्या दीड महिन्यात अठरा झाल्या. वही जागची हलेना.

मास्तरीणबाईंनी तिला वेगळे लिहिले. 'डोलकाठींची तब्येत बरी आहे ना? या वहीत पंचवीस चुका झाल्या की नियमाप्रमाणे त्यांची जागा दुसऱ्या वाचकाला द्यावी लागेल. मला ते आवडणार नाही. पण नियम आपणच मान्य केलेले आहेत.'

ती जागा गेली तर सासऱ्यांकडे काय उरेल, हे तिला कोणी सांगायला नको होते. म्हणून तर डोळे तपासायचा घाट घातला.

दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीत ती घरी आली. सासरे वाचनालयात गेले होते. त्यांच्या चष्म्यासाठी आणलेले नवे कापड ठेवायला ती त्यांच्या टेबलापाशी गेली, आणि तिथे शंभर पानांची वही दिसली. ती तिला ठाऊक होती. आधी कच्चे, मग पक्के, ही कचेरीतली सवय सासऱ्यांना सुटली नव्हती. प्रत्येक पान ते आधी पेन्सिलीने उतरवून घेत. तिने सहज शेवटचे पान उघडले. वारा पश्चिमेचा, मध्यम. त्याखाली मुळात कोऱ्या असलेल्या प्रत्येक रकान्यात दोन बारीक तिरप्या रेघा होत्या. वरच्यासारखेच.

तिने मागची पाने चाळली. फोनवर अठराही चुका काढून एकेक ताडून बघितली. कच्च्यात सगळे बरोबर होते. चूक होती ती फक्त पक्क्यात.

म्हणजे म्हातारा चक्क खोटे लिहीत होता. चाळीस वर्षांत ज्याने एक जहाज पाच मिनिटांनीही इकडचे तिकडे केले नाही, तो माणूस वही लांबवत होता. तिला राग यायला हवा होता, नाहीतर रडू. दोन्ही आले नाही. ती पलंगाच्या कडेवर बसली. मग वही होती तशी ठेवून दुकानात गेली.

सकाळी तिने ती अठरा पाने पुन्हा उघडली. 'चूक कोणाची' या प्रश्नापुढे तीन पर्याय होते : पहिला वाचक, दुसरा वाचक, सूचना. तिने एकेक करत सगळीकडे 'सूचना' केले. गेलेल्या माणसाला बोल लावला तर त्याला कुठे लागणार आहे, असे तिने स्वतःला समजावले. सतरा पाने भराभर झाली. अठराव्याला हात थोडा वेळ तसाच राहिला, आणि मग तेही झाले.

संध्याकाळी मास्तरीणबाईंचा मजकूर सगळ्यांना दिसेल अशा जागी आला : 'एका सूचनेमुळे अठरा चुका होत असतील तर ती सूचनाच सदोष आहे. दोन दिवसांत हरकत न आल्यास ते वाक्य काढून टाकते.'

सासरे जेवतानाच म्हणाले,

"ते वाक्य काढणार म्हणतात."

"हो."

"चुकीचं आहे म्हणून तूच नोंदवलंस?"

"हो. तुमची जागा जाऊ नये म्हणून."

सासऱ्यांनी हातातला घास ताटात परत ठेवला.

"त्याचं वाक्य बरोबर आहे गं."

"मग चुकलं कोण, बाबा?"

ते उठून हात धुवायला गेले, आणि नळ किती तरी वेळ वाहत राहिला.

सकाळी मास्तरीणबाईंच्या मजकुराखाली चार ओळी होत्या. 'हरकत आहे. सूचना बरोबर आहे, ती काढू नये. अठराही चुका माझ्या. डोळे आणि डोके दोन्ही शाबूत असताना केलेल्या. – डोलकाठी.' खाली मास्तरीणबाईंनी लिहिले होते : 'नोंद घेतली. राहिलेली पाने जपून.'

तिने अठराही ठिकाणी पुन्हा 'पहिला वाचक' केले. या वेळी हात थांबला नाही.

त्यानंतर पाने बंद होऊ लागली. परत गेलेली, नवी, सगळीच. दोघांचे जुळत होते, त्यामुळे तिच्याकडे काही येतच नव्हते. सकाळचा तास रिकामा जाऊ लागला. ती खुर्चीत बसून पानांचे आकडे बघत राही. चारशे पाच. चारशे नऊ. चहाच्या वेळी सासरे वाऱ्याचे सांगत, ती ऐके. अठरा चुकांचा विषय दोघांनीही काढला नाही.

रविवारी सकाळी एकच पान उरले होते. मास्तरीणबाईंचे वाचून झाले होते, सासऱ्यांचे व्हायचे होते. शेजारच्या खोलीतून टाइप करण्याचा आवाज येत होता. सासरे दोन बोटांनी टाइप करत, त्यामुळे एकेक अक्षर मोजता येई. आवाज थांबला. पान आपल्याकडे येईल म्हणून ती पडद्याकडे बघत राहिली, आणि आपण त्याची वाट बघतो आहोत हे तिला कळले. एक चूक. एवढ्या पानावर एकच केली असती तर काय बिघडले असते?

पडद्यावर अक्षरे आली : 'वही पूर्ण.'

ती सांगायला उठली. बाहेर भिंतीशी तिची मोठी बॅग उभी होती. सासऱ्यांनी ती कधीतरी माळ्यावरून काढून स्वच्छ पुसून ठेवली होती.

"बंदराला लागलं, बाबा," ती दारातून म्हणाली.

"बघितलं." त्यांनी वळून पाहिले नाही. "भावाला कळव आता. बॅगेची चेन अडकत होती, साबण लावलाय."

"बरं."

ती त्यांच्या मागे जाऊन उभी राहिली. समोर नव्या वहीचा अर्ज उघडा होता. आणखी एक कोणाला नको असलेले जहाज. या वेळी चुनखडीचे. पहिला वाचक, डोलकाठी. दुसरा वाचक, मास्तरीण. त्याखाली तपासनीस, आणि पुढे काहीच नाही.

"हा रकाना भरायचा राहिलाय, बाबा."

सासऱ्यांनी चष्मा काढला, नव्या कापडाने पुसला आणि परत डोळ्यांवर चढवला.

"राहिलेला नाही," ते म्हणाले. "कोरा ठेवलाय. मागच्यासारखंच."

ती काही वेळ त्या कोऱ्या जागेकडे बघत राहिली. मग बाजूची खुर्ची ओढून बसली.

"किती पानं आहेत?" तिने विचारले, आणि विचारता विचारता अकरा महिन्यांत पहिल्यांदाच तिला रडू फुटले.

सासऱ्यांनी पडद्यावर नजर ठेवून तिला सावरू दिले.

"सहाशे चार," ते म्हणाले.