ताईचा हातगुण

मसाज सेंटरमध्ये सगळे तिला ताईच म्हणत. मालकीणबाई, हाताखालच्या मुली, वयाने तिच्याहून मोठी गिऱ्हाइकंसुद्धा. कुणी मान धरली म्हणून तिरकं होऊन यायचं, कुणी कमरेवर हात ठेवून, आणि तिच्या खोलीतून बाहेर पडताना डोक्यावरचं गाठोडं खाली ठेवल्यासारखं चालायचं. दिवसभर कॉम्प्युटरपुढे बसून खांद्यांचे दगड झालेले कारकून यायचे. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर डॉक्टरांनीच पाठवलेली म्हातारी माणसं यायची. एक शाळेतल्या बाई तर टेबलावर पालथ्या पडल्या की लगेच घोरायला लागायच्या, आणि जाग आल्यावर ओशाळून म्हणायच्या, गोळी घेऊनही अशी झोप लागत नाही हो घरी.

ताई कामाला लागली तेव्हा सेंटर म्हणजे ब्यूटी पार्लरच्या मागची एक कोंदट खोली होती. मधे पडदा, पडद्याच्या अलीकडे टेबल, पलीकडे केस धुवायचं बेसिन. आता त्याचे दोन मजले झाले होते, काचेचा दरवाजा आला होता, नव्या मुलींना शिकवायचा वर्ग सुरू झाला होता. त्याच रस्त्यावर तशीच आणखी दुकानं निघाली होती. जिथे पूर्वी चपला मिळायच्या तिथे आता पाय चोळून मिळत होते. मालकीणबाईंनी दारावर मोठी पाटी लावली होती, ‘प्रत्येक दुखण्यावर मालिश’. ताईला ती पाटी खटकायची. मालिशने काय होतं आणि काय होत नाही हे ती वर्गातल्या मुलींना नीट सांगायची. आखडलेलं सुटतं, झोप येते, जिवाला बरं वाटतं, दुखरं अंग हलवायची हिंमत येते. पण ताप असेल, जखम असेल, एकच पाय सुजून गरम लागत असेल, तर हात लावायचा नाही, आधी डॉक्टरकडे पाठवायचं. मुली माना डोलवायच्या.

या धंद्यात तिला ढकललं ते सासूबाईंनी. ताईचा नवरा लग्नानंतर थोड्याच वर्षांत कारखान्यातल्या अपघातात गेला. मूलबाळ नव्हतं. माहेरी जा म्हणणारे पुष्कळ होते, पण माहेरी वाट पाहणारं कुणी उरलं नव्हतं, आणि सासू-सासऱ्यांनी तिला जा म्हटलं नाही. घरात नुसती भिंतीकडे बघत बसलेली सून पाहून सासूबाईंनीच कुठून तरी मालिश शिकवणाऱ्या एका वर्गाची माहिती काढली. शेजारपाजारच्या बायकांनी नाकं मुरडली. परक्याच्या अंगाला हात लावायचं काम, आणि तेही विधवा बाईने? सासूबाईंनी जिन्यातच त्यांना गाठलं आणि विचारलं, “मग डॉक्टर काय लांबून फुंकर मारतो का?” त्यानंतर निदान तोंडावर तरी कुणी बोललं नाही.

सासरे पूर्वी शिंपी होते. कंपवाताने त्यांचं अंग हळूहळू लाकडासारखं होत चाललं होतं. सुईत दोरा ओवणाऱ्या बोटांना शर्टाची गुंडी दाद देईनाशी झाली होती. रोज संध्याकाळी कामावरून आली की ताई त्यांचे खांदे, दंड, मनगटं आणि मग एकेक बोट चोळून मोकळं करायची. आजार काही जायचा नाही, तो जाणारा नव्हताच. पण नंतर तासभर त्यांना कप स्वतः धरता यायचा. “आज गुंड्यांनी माझं ऐकलं,” असं ते म्हणायचे, आणि सासूबाई आतून ओरडायच्या, “गुंड्या ऐकतात, तुम्ही कधी ऐकणार?”

तर अशा या सासूबाई बाथरूममध्ये घसरल्या. घोट्याचं हाड मोडलं. प्लास्टर घातलं आणि पाय उशीवर ठेवून त्यांना पडून राहावं लागलं. आयुष्यात कधी दुपारी आडवी न झालेली बाई. त्यांचं तोंड तेवढं चालू होतं. दीर आणि जाऊ गावाच्या दुसऱ्या टोकाला राहायचे, ते अधूनमधून येऊन जायचे. बाकी सगळं ताईच्या अंगावर पडलं. सकाळी दोघांचं आवरायचं, सेंटरवर उभं राहून दिवसभर माणसं चोळायची, परत आल्यावर पुन्हा दोघांचं.

प्लास्टर निघालं त्याला काही दिवस झाले होते. संध्याकाळी ताई घरी आली, सासऱ्यांचे हात झाले, आणि सासूबाईंनी सांगितलं की पोटरी ठणकतेय. ताईने चादर बाजूला केली. तो पाय दुसऱ्यापेक्षा जाड दिसत होता. हात लावला तर गरम.

ती म्हणाली की हे उद्या डॉक्टरांना दाखवू. सासूबाई उखडल्या. इतके दिवस लाकडागत बांधून ठेवलेला पाय, सुजणार नाही तर काय होणार? पुन्हा ती रिक्षा, पुन्हा तो जिना, पुन्हा त्या दवाखान्याच्या बाकावर अर्धा दिवस. ताईने आणखी एकदा नाही म्हटलं. मग सासूबाई एकदम हळू आवाजात बोलल्या.

“दिवसभर गावाचे पाय चोळतेस. माझ्या पायाचीच तेवढी तुला शिसारी येते का गं?”

त्या रागाने म्हणाल्या असत्या तर ताईने उलट उत्तर दिलं असतं. इतक्या वर्षांत त्या दोघी पुष्कळदा भांडल्या होत्या आणि भांडून झाल्यावर एकत्र चहा प्यायल्या होत्या. पण त्यांचे डोळे भरले होते. पडून पडून बाई कंटाळली होती, दुखण्याने हैराण झाली होती, आणि घरात सगळ्यांना मिळणारी गोष्ट आपल्याला मिळत नाही एवढंच तिला कळत होतं. ताई स्वतःही दमली होती. वर्गात मुलींना सांगितलेलं तिला आठवलं नाही असं नाही. आठवलं. पण ते सेंटरमधलं होतं, परक्या माणसांसाठीचं. हलक्या हाताने करते, असं तिने स्वतःला समजावलं आणि तेल कोमट करून आणलं.

हलक्या हातानेच तिने सुरुवात केली. सासूबाईंनी डोळे मिटले. थोडं जोरात, त्या म्हणाल्या. ताईने थोडा जोर लावला. सासूबाईंच्या कपाळावरच्या आठ्या एकेक करून गेल्या. बऱ्याच दिवसांनी त्या हसून बोलल्या, धाकट्या मुलाच्या लहानपणीची एक खोडी सांगितली, जी ताईने किती तरी वेळा ऐकली होती. नंतर त्या गाढ झोपल्या.

सकाळी त्या स्वतःच्या पायांनी, भिंतीला धरून, स्वयंपाकघरापर्यंत आल्या. बघ, म्हणाल्या. ओट्यापाशी उभ्या राहिल्या आणि त्यांनी छातीवर हात ठेवला. काहीतरी बोलायचं असावं, पण श्वासच पुरेना. ताईने त्यांना धरलं तोवर ओठ निळे पडले होते. ॲम्ब्युलन्स येईपर्यंत ताईने त्यांचं डोकं मांडीवर घेतलं होतं, आणि दारात सासरे भिंतीला टेकून थरथरत उभे होते. त्यांना खाली बसता येत नव्हतं आणि त्यांना बसवायला कुणी मोकळं नव्हतं.

हॉस्पिटलमध्ये पोचल्यावर थोड्याच वेळात सगळं संपलं. तरुण डॉक्टरीणबाईंनी बाहेर येऊन सांगितलं की पायातली रक्ताची गुठळी सुटून फुप्फुसात गेली. दीर तोवर धावत आला होता. डॉक्टरीणबाईंनी सहज, काहीतरी लिहिता लिहिता विचारलं की पाय सुजला होता का, त्याला काही केलं होतं का. गप्प बसता आलं असतं. कुणाला कळलंही नसतं.

“काल संध्याकाळी मालिश केली,” ताई म्हणाली. “मी.”

डॉक्टरीणबाईंचं पेन थांबलं. त्या जपून बोलल्या. अशी गुठळी आपणहूनही सुटते, मालिश केली नसती तर सुटली नसती असं कुणी सांगू शकणार नाही. पण दिराने त्यातलं ‘मालिश’ तेवढंच ऐकलं होतं, आणि खरं म्हणजे ताईनेही. त्याने आरडाओरडा केला नाही. भिंतीकडे तोंड करून तो म्हणाला, “जगाला बरं करता म्हणे तुम्ही.” बस, एवढंच.

आल्यागेल्यांची वर्दळ ओसरली आणि घरात दोघं उरली. संध्याकाळ झाली की सासरे सवयीने बाही वर करायचा प्रयत्न करायचे, मग थांबायचे. ताई चहा द्यायची, औषध द्यायची, कपडे बदलायची. चोळायला मात्र तिचा हात उचलायचा नाही. एकदा तिने बळ करून त्यांचं मनगट धरलं आणि तिच्या बोटांना ती गरम पोटरी लागली. ती न्हाणीघरात जाऊन ओकली. सासऱ्यांनी पुन्हा बाही वर केली नाही.

सेंटरवर ती गेलीच नाही. मालकीणबाई घरी भेटायला आल्या, डोळे पुसले, पुष्कळ चांगलं बोलल्या. उठता उठता मात्र त्यांनी सांगितलं की ही गोष्ट चार भिंतींच्या आत राहू दे. बाहेर गेली तर लोक मालिशलाच भितील, आणि दुसरी शाखा तोंडावर आलीय. ताईने विचारलं की निदान वर्गातल्या मुलींना तरी सांगू का. मालकीणबाई म्हणाल्या, बघू पुढे. त्यांच्या नजरेला नजर देऊन ताई म्हणाली की मग मी येत नाही. त्यांनी फारसा आग्रह केला नाही.

इकडे सासऱ्यांचं अंग घट्ट होत गेलं. आधी कप सुटला, मग चमचा. मान छातीकडे वळली. दीर एक दिवस आला, त्याने बापाला पाहिलं, ताईकडे पाहिलं आणि गाडी बोलावली. ताईने अडवलं नाही. कोणत्या तोंडाने अडवणार होती? सासऱ्यांना उचलून नेताना त्यांचा एक पाय चौकटीत अडकला, तो तिने सोडवला, तेवढाच काय तो हात लावला.

रिकाम्या घरात ती किती तरी दिवस नुसती वावरली. मग जावेचा फोन आला. जाऊ तशी मितभाषी, या भानगडीत दोन्हीकडून गप्प राहिलेली. ती म्हणाली की बाबांची मूठ उघडत नाही, वास येतोय, ते कुणाला हात लावू देत नाहीत. आणि मग म्हणाली, “तुम्ही याल का? मी यांना विचारलेलं नाही.”

ताई गेली. दुपारची वेळ होती. दार दिरानेच उघडलं, तो बाजूला झाला, पण या म्हणाला नाही. आतल्या खोलीत सासरे कुशीवर पडले होते. निम्मे झाले होते. डोळे तेवढे जागे होते, आणि ते तिच्यावर खिळले. ती खुर्ची ओढून बसली. मग त्यांनी ओठ हलवले. आवाज इतका बारीक झाला होता की तिला कान जवळ न्यावा लागला.

“त्या संध्याकाळी… तू चोळत होतीस तेव्हा तिला दुखत होतं का?”

ताईला वाटलं होतं की ते दुसरं काहीतरी विचारतील. त्याचं उत्तर तिने मनात कित्येकदा घोळवलं होतं. या प्रश्नाचं उत्तर तिला शोधावं लागलं नाही.

“नाही, बाबा. त्यांना बरं वाटत होतं. हसत होत्या.”

“हसत होती,” ते म्हणाले. डोळ्यांतून पाणी नाकावरून आडवं ओघळलं, ते त्यांना पुसता येईना. मग अंगाखालून, फार कष्टाने, त्यांनी ती मूठ तिच्याकडे सरकवली.

ताईचे हात गार पडले होते. ती उठून उभी राहिली, खिडकीपर्यंत गेली, परत आली. आधी तिने त्यांचे दोन्ही पाय गुडघ्यापासून खाली पाहिले, सारखे आहेत ना, गरम नाहीत ना. मग जावेकडून कोमट पाणी आणि मऊ फडकं मागून घेतलं. मुठीला तिने हात लावलाच नाही. खांद्यापासून सुरुवात केली. खांदा, दंड, कोपर, नुसते तळहात ठेवून, मग हळूहळू गोल फिरवत. मनगटापर्यंत यायला फार वेळ लागला. तिच्या कपाळावरचा घाम त्यांच्या चादरीवर पडत होता. अंगठ्याच्या मुळाशी ती थांबून राहिली, आणि कधी तरी ते बोट आपणहून थोडं सैल झालं.

मूठ उघडली तेव्हा जाऊ तोंडावर हात ठेवून मागे सरली. नखं तळव्यात रुतली होती, कातडी ओली पांढरी पडली होती, एका जागी पू होता. ताईने जखमेला बोट न लावता तळवा धुतला, नखं कापली, फडक्याची सैल गुंडाळी त्यांच्या मुठीत ठेवली. जखम डॉक्टरांना दाखवायला हवी, आजच, असं तिने जावेला दोनदा सांगितलं. सासरे ऐकत नव्हते. ते झोपले होते, तोंड उघडं टाकून.

ते पुन्हा उभे राहणार नव्हते. पुढचा उन्हाळा त्यांना दिसेल की नाही याचीही खात्री नव्हती. हे ताईला त्यांचा दंड हातात घेतानाच कळलं होतं. तिने हात धुतले, पिशवी उचलली आणि बाहेरच्या खोलीत आली. दीर खुर्चीत बसला होता. तो सगळा वेळ तिथेच बसून होता की काय कोण जाणे. तिने चपला घालून दार उघडलं. मग जमिनीकडे बघतच तो म्हणाला,

“उद्या येणार असाल तर जरा लवकर या. दुपारनंतर त्यांना फार जड जातं.”

येते, ती म्हणाली, आणि जिना उतरू लागली. खालच्या मजल्यावर पोचल्यावर ती पायरीवर बसली, आणि सासूबाई गेल्यापासून पहिल्यांदाच हमसून हमसून रडली. वरून कुणी आलं नाही. रडून झाल्यावर ती उठली आणि बस धरायला गेली.