एका धुनेसाठी दोन खोल्या

संगीतावर माहितीपट काढायचे म्हणजे आयुष्यभर गाणी ऐकायची, असं लोकांना वाटतं. प्रत्यक्षात माझा निम्मा जन्म रुसलेल्या कलाकारांची मनधरणी करण्यात गेला. पण या दोन भावांनी मला अगदी रडकुंडीला आणलं.

थोरला व्हायोलिन वाजवायचा, धाकटा ड्रम. एकेकाळी जोडी गाजलेली. मग कशावरून तरी बिनसलं, ते इतकं की आईच्या अंत्यदर्शनालाही दोघे वेगवेगळ्या वेळी आले. माझ्या फिल्मचा शेवट त्यांच्या जुन्या धुनेवर होता. ती नसेल तर फिल्म करण्यात अर्थच नव्हता, आणि एका खोलीत बसायला दोघेही तयार नव्हते.

मग मी शहाणपणा केला. एकेकाकडून वेगळं वाजवून घ्यायचं आणि जोडून टाकायचं. यंत्रं असतात कशाला? हेडफोनमध्ये यंत्राचा ठोका ऐकत वाजवा, असं सुचवलं तर दोघांनीही सारखीच नाकं मुरडली. भांडले तरी भाऊच.

जोडलेली धून ऐकली आणि तोंडचं पाणी पळालं. दोघेही सुंदर वाजवत होते, पण एकत्र नुसता गोंधळ. संकलक बिचारा काटछाट करून थकला. शेवटी धाकट्याला बोलावून ते ऐकवलं. आता भावाला नावं ठेवणार, म्हणून मी तयारीतच होते. तो डोळे मिटून ऐकत राहिला.

"हा असाच पळतो, लहानपणापासून," तो म्हणाला. "मी त्याच्या हाताकडे बघून त्याला आवरायचो. इथे कोण आवरणार?"

मग त्यानं विचारलं, "बोलावलं तर येईल का तो?"

उत्तर देण्याच्या भानगडीत न पडता मी फोन लावला आणि थोरल्याला सगळं जसंच्या तसं सांगितलं. मग किती वाजता यायचं, एवढंच त्यानं विचारलं. आनंदानं मला वेळही धड सांगता येईना.

दुसऱ्या दिवशी दोघे समोरासमोर बसले. ना हसणं, ना बोलणं. धून सुरू झाली आणि थोड्याच वेळात थोरला सुसाट सुटला. मी कपाळाला हात लावणार, तोच धाकटा वाजवता वाजवता म्हणाला, "दादा, हळू."

आणि कुणाच्या बापाला न जुमानणारा तो माणूस हळू झाला.

धून संपल्यावर ध्वनिमुद्रक माझ्याजवळ आला. मधेच आलेले ते दोन शब्द काढून टाकू ना, असं त्यानं विचारलं.

मी म्हटलं, "बाकी सगळं काढलंस तरी चालेल."